समितीसाठी कुत्रा

माझे सासरे सिनेमाच्या पटकथा लिहायचे, आणि तेही सोव्हिएत काळात, सरकारी स्टुडिओसाठी. लग्न ठरलं तेव्हा हे मी नागपूरला आईला फोनवर सांगितलं. मुलगी रशियन आहे हे तिने एव्हाना पचवलं होतं, पण हे ऐकून ती म्हणाली, "म्हणजे त्यांच्या घरात नीट नोकरी करणारं कोणीच नाही का रे?"

सासरेबुवांचा आमच्यावरचा आक्षेप याहून जुना होता. पहिल्या भेटीत त्यांनी मला खालपासून वरपर्यंत न्याहाळलं आणि मुलीमार्फत विचारलं, "तुमच्यात कोणी सिनेमावाले?" नाही म्हटल्यावर थोडे निवळले. मग कळलं ते असं. तरुणपणी त्यांचा पहिला सिनेमा लागला, त्याच आठवड्यात समोरच्या थिएटरात एक हिंदी सिनेमा लागला. तिकडे बर्फात रांगा, आणि यांच्या पहिल्या खेळाला एकवीस माणसं, त्यातली चार स्टुडिओतली.

"आणि सासूबाई?" मी विचारलं.

"ती समोर. रुमाल घेऊन रडत होती." मग माझ्याकडे बोट दाखवून म्हणाले, "आधी प्रेक्षक नेलेत, मग बायको नेलीत, आता मुलगी."

जावई हा दहावा ग्रह असतो असं आपल्याकडे म्हणतात. सासरा हा कितवा ते कोणी सांगत नाही.

सासूबाई गेल्या आणि दीड वर्ष व्हिसाशी झटापट करून आम्ही त्यांना केंब्रिजला आणलं. त्याला आता तीन वर्षं झाली. त्यांचं इंग्रजी दुपारी टीव्हीवर घरांचे लिलाव बघून तयार झालेलं, आणि माझं रशियन मोबाइलवरच्या ॲपमधून आलेलं. दोन्ही सारखीच लंगडी, त्यामुळे आमचं छान जमतं. मी सॉफ्टवेअर टेस्टर आहे. दुसऱ्याने केलेल्या कामातल्या चुका काढणं हा माझा पोटापाण्याचा धंदा. स्वभावही तोच, असं बायको म्हणते.

ते आले तेव्हा जिन्यावरच्या बॉक्सरूममध्ये झोपायचे. पाय लांब केले की दार बंद होत नसे. म्हणून मागच्या बाजूला एक खोली काढायची ठरवली आणि कौन्सिलकडे परवानगीचा अर्ज करायला बसलो. सासरेबुवा चष्मा लावून शेजारी आले.

"समितीत किती जण असतात?"

"समिती नाही. एक ऑफिसर बघतो."

"एकच? मग लहान कुत्रा पुरेल."

मला वाटलं, म्हाताऱ्याला कुत्रा पाळायचाय. तसं नव्हतं. कुत्रा हा त्यांच्या धंद्यातला शब्द. त्या काळी पटकथा लिहिली की ती समितीपुढे जायची, आणि समितीतल्या प्रत्येकाला काही ना काही कापल्याशिवाय जेवण गोड लागत नसे. म्हणून लेखक मुद्दाम एक भलतंच काहीतरी घुसडून ठेवायचे. कोणीतरी एकाने कधीकाळी खरोखरच विनाकारण कुत्रा घातला होता म्हणे, म्हणून नाव कुत्रा. समिती त्याच्यावर तुटून पडायची, दोन तास वाद घालायची, कुत्रा हाकलायची आणि आपण देश वाचवला अशा समाधानात बाकीचं पास करायची. सासरेबुवांनी एका डेअरीवरच्या सिनेमात पक्षाच्या चिटणिसाच्या ऑफिसात झोपाळा टांगला होता. सगळी बैठक त्या झोपाळ्यावर गेली. शेवटच्या प्रसंगात दोन गवळणी सरकारी दूध चोरतात ते कोणाच्या लक्षातही आलं नाही. त्यांचे कुत्रे इतके गाजले की दुसरे लेखक त्यांच्याकडे कुत्रा मागायला यायचे.

त्यांच्या हट्टामुळे आमच्या नकाशातही एक कुत्रा आला. गोल खिडकी. जहाजाला असते तशी, आणि तीही जमिनीपासून गुडघाभर उंचीवर. ऑफिसर ती कापणार आणि खोलीची लांबी सोडणार, असा हिशोब. दोन महिन्यांनी परवानगी आली. पावसाच्या पाण्याच्या पाइपबद्दल एक प्रश्न होता. खिडकीबद्दल चकार शब्द नव्हता. बिल्डर म्हणाला, ॲप्रूव्ह्ड प्लॅन आहे, मी बदलणार नाही. तेव्हापासून आमच्या घराला एक अशी खिडकी आहे की जिच्यातून बाहेर बघायचं तर उकिडवं बसावं लागतं.

मी हसून घेतलं. सासरेबुवा मात्र अपमान झाल्यासारखे बसले होते. "वाचलंच नाही त्यांनी," म्हणाले.

सोव्हिएत संघ गेला तशा समित्याही गेल्या. मग त्यांनी फार जीव लावून एका शाळेतल्या ग्रंथपाल बाईची पटकथा लिहिली. समिती नव्हती, पण सवय होती, म्हणून बाथटबमध्ये मगर पाळणारा एक टकला गुंड घातला. लेदर जॅकेटवाल्या नव्या निर्मात्याने ती एका रात्रीत वाचली आणि म्हणाला, "बाई काढा. मगर ठेवा." त्या मगरीची टीव्ही मालिका झाली आणि चार वर्षं चालली. रस्त्यात लोक ओळखायला लागले. सासूबाईंनी तिचा एकही भाग पाहिला नाही. त्या वेळी त्या स्वयंपाकघरात जाऊन बसायच्या.

हे सगळं ते रंगवून सांगायचे आणि आम्ही पोट धरून हसायचो. पण एकदा दुपारी, हसू ओसरल्यावर, ते सरळ म्हणाले, "अकरा सिनेमे लिहिले. कुत्र्याबरोबर समितीवाले मालकाचा एखादा पायही तोडून न्यायचे. मी लिहिला तसा एकही सिनेमा कोणी पाहिला नाही. मरायच्या आधी एक पाहायचाय. दहा मिनिटांचा का असेना. पण एकही ओळ न कापलेला."

त्यांचं वय अठ्ठ्याहत्तर. बायकोने ते मनावर घेतलं. तिच्या लॅबमधल्या एका सहकाऱ्याची मुलगी विद्यार्थ्यांच्या एका गटाबरोबर छोटे सिनेमे करायची. बावीस वर्षांची, डोक्यावर गुलाबी लोकरी टोपी, बोलताना दर वाक्याला मान हलवणारी. ती म्हणाली, आम्ही करू. सासरेबुवा सहा आठवडे नव्या खोलीत दार लावून बसले आणि वीस पानं घेऊन बाहेर आले.

दोन रविवार बायको ती वाचून इंग्रजीत सांगत होती आणि मी टाइप करत होतो. गोष्ट साधी होती. एक विधुर म्हातारा परदेशात मुलीकडे राहतो. एके दिवशी सगळे बाहेर गेलेले असताना किल्ली आत राहून तो घराबाहेर अडकतो आणि दिवसभर गावात भटकतो. संध्याकाळी परततो. मध्ये नदीवर एक अचाट प्रसंग होता. म्हाताऱ्याची मेलेली बायको नाइटगाऊन घालून एका पंटमध्ये, म्हणजे आमच्याकडच्या त्या बांबूने ढकलायच्या सपाट होडीत, उभी राहून येते आणि चार पानं बोलते. कशाबद्दल? बटाट्यांबद्दल. बटाटे अंधारात ठेव, कांद्यांजवळ ठेवू नकोस. कागदपत्रं दुसऱ्या खणात आहेत. पोस्टमनशी भांडू नकोस, त्याची आई आजारी आहे. बायकोने ती चार पानं एका सुरात न थांबता सांगितली. मी म्हटलं, बरं झालं, लवकर आटपलं.

आणि गोष्टीत एक जावई होता. हिंदुस्थानी. घरून काम करतो म्हणून वर शर्ट-टाय आणि खाली पायजमा. रोज सकाळी दार ठोठावतो, "या" म्हणायची वाट न बघता आत शिरतो, दूध घातलेला आल्याचा चहा टेबलावर ठेवतो आणि म्हणतो, "बाबा, चहा." इथे बायको इतकी हसली की तिला खुर्ची धरावी लागली.

"यात हसण्यासारखं काय आहे?" मी म्हटलं. "मी रोज असंच म्हणतो."

"तेच तर!"

मग तिने सांगितलं. रशियनमध्ये 'बाबा' म्हणजे बाई. तेही सभ्य बाई नव्हे, बाजारात कमरेवर हात ठेवून भांडणारी गावंढळ बाई. म्हणजे लग्नापासून सहा वर्षं मी या सोव्हिएत लेखकाला, भर लग्नात पाहुण्यांसमोर, आजारपणात, वाढदिवसाच्या केकवर क्रीमच्या अक्षरांत, "ए बाई" म्हणत आलो होतो. बाबुश्का हा शब्द मला माहीत होता. तरी डोक्यात प्रकाश पडला नाही, आणि म्हणे टेस्टर.

"मला सांगायला काय झालं होतं?"

"पापांनी बजावलं होतं, सुधारू नकोस म्हणून."

माझ्या नाकाला मिरच्या झोंबल्या. मी टाइप करायचं थांबवून मागच्या खोलीत गेलो. सासरेबुवा पत्ते लावत बसले होते.

"सहा वर्षं! मला एकदा तरी थांबवायचं."

त्यांनी विचारलं, "तुझ्या भाषेत त्याचा अर्थ काय?"

"वडील."

"मग झालं. अर्थ मला माहीत होता."

मी परत येऊन टाइप करायला बसलो.

गुलाबी टोपी आणि मंडळींनी पटकथा वाचली आणि आमच्या दिवाणखान्यात पोहे खात एकमुखाने सांगितलं की ती लव्हली आहे. सासरेबुवा वही-पेन घेऊन सरसावून बसले होते. "काय कापायचं?" त्यांनी विचारलं. "काहीच नाही," ती म्हणाली, "तुमची व्हिजन आहे." "नदीचा प्रसंग?" "लव्हली." "जावई?" "सो लव्हली." ती मुलं गेल्यावर त्यांनी जेवायला नकार दिला.

"बाबा, तुम्हाला न कापलेलाच सिनेमा हवा होता ना?" मी म्हटलं. हो, मी पुन्हा बाबाच म्हटलं. सहा वर्षांची जीभ एका दिवसात वळत नाही.

"न कापलेला हवा होता. न वाचलेला नव्हे." मग म्हणाले, "आमच्या समितीत एक बाई होत्या. वीस वर्षं त्यांनी माझं पानन् पान वाचलं. एकदा सकाळी सात वाजता फोन करून म्हणाल्या, सतराव्या पानावरचा तुमचा अर्धविराम मला कुत्सित वाटतो. आणि तो होताच कुत्सित! असा वाचक मला परत मिळाला नाही." त्यांनी माझ्याकडे रोखून पाहिलं. "तू टेस्टर आहेस ना? तू वाच."

मग मी समिती झालो. मन लावून वाचलं आणि एक्सेलमध्ये एक्केचाळीस हरकती काढल्या, गंभीर त्या लाल, किरकोळ त्या पिवळ्या. किल्ली घरात राहिली तर म्हातारा शेजाऱ्याकडचा फोन का वापरत नाही? बस पकडली तेव्हा पास कुठून आला? सासरेबुवा खूश झाले. चार दिवस आम्ही जेवणाच्या टेबलावर भांडलो, त्यांनी तेवीस हरकती मान्य करून ओळी नव्याने लिहिल्या, आणि त्यांना दोन वेळची भूक लागायला लागली. पहिली लाल हरकत मात्र ते ऐकेनात. ती होती, जावई काढा.

"हाच तुमचा कुत्रा आहे, मला कळतंय," मी म्हटलं.

"लेखक कधी सांगत नाही कुत्रा कुठला ते. धंद्याचा नियम आहे."

दोन आठवड्यांनी गुलाबी टोपीची ईमेल आली. ज्या महोत्सवाला सिनेमा पाठवायचा त्याची पंधरा मिनिटांची मर्यादा होती, तेव्हा चार मिनिटं कमी करावी लागतील. शिवाय गटात चर्चा झाली होती. जावयाचं पात्र त्यांना जरा प्रॉब्लेमॅटिक वाटत होतं. पायजमा, चहा, चुकीचं रशियन, या सगळ्याने भारतीय कम्युनिटी दुखावली जाऊ शकते. पूर्ण आदर राखून ते पात्र काढावं असं त्यांना वाटत होतं.

मी हे मोठ्याने वाचत होतो. "चर्चा" शब्द ऐकल्याबरोबर सासरेबुवा उठून उभे राहिले. "समिती!" म्हणाले, आणि डोळ्यांत अशी चमक आली की मला वाटलं आता कोट घालून निघतात. मग मी पुढचं वाचलं आणि ते हळूच खाली बसले. बायको त्या आठवड्यात कामासाठी जर्मनीला गेली होती. घरात आम्ही दोघंच.

मीच म्हटलं, "काढू देत. मलाही तो नकोच होता."

"नाही," ते म्हणाले. "जावई राहील. त्यांना नदीचा प्रसंग दे. बटाटे. चार पानं, चार मिनिटं."

"तो कुत्रा आहे?"

"मी चाळीस वर्षं कुत्रे पाळलेत," ते म्हणाले. "जा. आणि मुलीला सांगू नकोस. समितीतल्या गोष्टी घरी सांगायच्या नसतात."

मला हसूच आलं. अर्थात! मेलेली बाई, होडी, नाइटगाऊन, बटाटे. याहून मोठा कुत्रा कोणी पाहिला होता? आणि मी टेस्टर असून जावयाच्या मागे लागलो होतो.

दुसऱ्या दिवशी एका कॅफेत ओट मिल्कच्या कॉफ्या समोर ठेवून चार विद्यार्थी बसले होते आणि मी दुखावल्या गेलेल्या समाजाचा प्रतिनिधी म्हणून साक्ष देत होतो. मी सांगितलं, तो जावई मीच आहे. पायजमा माझा आहे. "बाबा" मीच म्हणतो. तुम्ही मला काढलंत तर मात्र मी दुखावला जाईन. ती मुलं कासावीस होऊन एकमेकांकडे बघायला लागली. मग मी आवाज खाली आणला आणि म्हटलं की एका गोष्टीने मात्र भारतीय म्हणून माझ्या मनाला फार लागलंय. नदीचा प्रसंग. आमच्याकडे पितरांना पाण्यावर उभं करत नाहीत, आणि त्यांच्या तोंडी बटाट्यांचा विषय तर मुळीच घालत नाहीत. हे शास्त्र मी त्याच खुर्चीत बसून रचलं. गुलाबी टोपीच्या डोळ्यांत पाणी आलं. तिने माझी माफी मागितली आणि चारही पानांवर तिथल्या तिथे काट मारली.

घरी येऊन मी ते साभिनय करून दाखवलं. सासरेबुवांनी टाळ्या वाजवल्या. "अस्सल," म्हणाले, "अगदी आमच्या समितीसारखं." कुत्रा इंग्लंडातही चालला म्हणून मी इतका चेकाळलो होतो की त्या दिवशी ते लवकर आपल्या खोलीत गेले हे मला नंतर आठवलं.

सिनेमा वसंतात, एका शनिवारी दुपारी, कॉलेजच्या छोट्या हॉलमध्ये दाखवला. जावयाचं काम लेस्टरच्या एका तमिळ मुलाने केलं होतं. त्याचा 'बाबा' मी स्वतः घोटून घेतला होता. तो पहिल्यांदा दार ढकलून "बाबा, चहा" म्हणाला तेव्हा मागे बसलेले दोन-तीन रशियन प्राध्यापक खो खो हसले आणि त्यांचं बघून बाकीचेही. मी सर्वांत मोठ्याने हसलो. आपल्यावर हसणं इतकं सुखाचं असतं हे मला माहीत नव्हतं. शेवटी म्हातारा संध्याकाळी परत येतो, दारात जावई उभा असतो, आणि म्हातारा पहिल्यांदा त्याच्या हातून चहा घेऊन पितो. पुढे नावं. टाळ्या झाल्या. गुलाबी टोपीने सासरेबुवांना स्टेजवर नेलं.

बायको टाळ्या वाजवत नव्हती. ती पडद्याकडे बघत होती, आणखी काही यायचं असल्यासारखी. मग मला म्हणाली, "आई कुठाय?"

मला काही कळेना.

"माझी आई. नदीवरची. कुठे गेली ती?"

मी म्हटलं, अगं, तो तर कुत्रा होता. मग तिने सांगितलं. हॉस्पिटलमधल्या शेवटच्या आठवड्यात सासूबाई दुसरं काही बोलल्याच नव्हत्या. बटाटे, खण, पोस्टमन. सासरेबुवा पलंगाशेजारी बसून औषधांच्या कागदांच्या पाठीवर सगळं उतरवून घेत होते. त्या चार पानांत त्यांनी स्वतःचा एक शब्दही घातला नव्हता. टाइप करताना तिने ते मला सांगितलं नाही, कारण सांगायला लागली असती तर पुढे वाचता आलं नसतं.

आम्ही चालत घरी निघालो, गाई चरतात त्या कुरणातून. बायको पुढे गेली होती. मी आणि सासरेबुवा मागे. त्यांच्या हातात कोणीतरी दिलेला ट्यूलिपचा गुच्छ होता. सासूबाईंना मी कॅफेत बसून, खोटं शास्त्र रचून कापलं होतं, आणि वर घरी येऊन नक्कल करून दाखवली होती.

"तुम्ही मला खरं का नाही सांगितलंत?" मी विचारलं. "तुम्हाला एक सिनेमा हवा होता, न कापलेला. आयुष्यात एक. त्यापेक्षा मला काढायचं होतंत. मी तर काढाच म्हणत होतो."

ते थोडं चालून थांबले. त्यांना एका दमात बोलणं आणि चालणं जमत नाही.

"तिने चाळीस वर्षं माझ्या घरात कापाकापी पाहिली," ते म्हणाले. "तिला सवय आहे. तू नवीन आहेस."

आणि गुच्छ माझ्या हातात देऊन ते पुढे मुलीशी बोलायला गेले. मी तिथेच उभा राहिलो. मला फार वाईट वाटत होतं, आणि त्याहून जास्त बरं वाटत होतं, आणि त्या बरं वाटण्याची लाज वाटत होती.